ताबा कुणाचा?

दिवाळी अंकात कोर्टकचेरीचा विषय काढणे म्हणजे फराळाच्या ताटात खडा टाकणे आहे, हे मला कळते. संपादकांनी माझ्याकडे गोष्ट मागितली होती. आमच्या भंडाऱ्याकडची, मंडईची, दंडारीची. घरातल्या आजीपासून नातवापर्यंत सर्वांनी वाचून हसावे अशी. मी ती लिहायला बसलोही. चार पाने झाली. पाचव्या पानावर गोष्टीतली मुलगी आपल्या मनाच्या मुलाबरोबर घर सोडून निघाली आणि माझी लेखणी अडली. पुढे काय होणार ते मला ठाऊक होते. ती परत येणार, वडिलांच्या पायांवर डोके ठेवणार आणि आई मीठ-मोहऱ्यांनी तिची दृष्ट काढणार. माझ्या तीन कादंबऱ्यांतून तीन मुली अशाच परत आल्या आहेत. वाचकांना ते आवडते. मलाही आवडत असे.

ती चार पाने मी फाडली नाहीत, एवढा काही मी मोठा नाही. बाजूला ठेवली आहेत. त्यांच्या जागी हे भांडण वाचकांपुढे ठेवतो. भांडण आधी माझे माझ्याशी आहे आणि मग तुमच्याशी.

भाऊबीज उलटली की आमच्या भागात गावोगाव मंडई भरते. हलका धान कापून झालेला असतो, भारी धान अजून बांधीत उभा असतो, लेकी माहेरी आलेल्या असतात, घराघरांत पाव्हणे असतात. दिवसा दंडार किंवा खडी गंमत, रात्री नाटक. आणि या गर्दीतच सोयरिकींची बोलणी निघतात. अमक्याची मुलगी यंदा बारावी झाली, तमक्याच्या मुलाला नागपूरला नोकरी लागली. जिलेबीच्या दुकानापाशी उभ्या असलेल्या मुलीकडे चार डोळे लागतात आणि तिला त्याचा पत्ताही नसतो. यात काही पाप आहे असे मी म्हणत नाही. माझेही लग्न असेच जुळले आणि सुखाचे झाले. माझे म्हणणे एवढेच की या साऱ्या बोलण्यात हुंडा येतो, जात येते, शेतीचे एकर येतात, मुलाची नोकरी येते. 'बाई, तुझ्या मनात काय आहे?' हा एक प्रश्न येत नाही. तो आपण घरात विचारीत नाही, म्हणून एखादे दिवशी उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींना विचारावा लागतो.

तो जिथे विचारला जातो त्या अर्जाचे नाव हेबियस कॉर्पस. आपल्या राज्यघटनेच्या मराठी प्रतीत त्याला 'देहोपस्थिती' म्हटले आहे. अर्थ साधा आहे: ज्या माणसाला तू अडकवून ठेवले आहेस त्याला देहानिशी न्यायाधीशापुढे उभे कर आणि कोणत्या अधिकाराने अडकवलेस ते सांग. घटनेच्या ३२ व्या कलमाने सर्वोच्च न्यायालयात आणि २२६ व्या कलमाने उच्च न्यायालयात हा अर्ज करता येतो. ३२ वे कलम हा घटनेचा आत्मा आहे, असे बाबासाहेब आंबेडकरांनी घटना समितीत सांगितले होते. त्याच बाबासाहेबांना १९५४ च्या पोटनिवडणुकीत आमच्या भंडाऱ्याने पाडले. त्याच वर्षी संसदेने विशेष विवाह कायदा केला. जात न विचारता, धर्म न बदलता, दोन सज्ञान माणसांना सरकारी अधिकाऱ्यासमोर लग्न करण्याची वाट त्याने मोकळी केली. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही. पण भंडाऱ्याचा माणूस म्हणून त्या मला एकत्रच आठवतात.

हा अर्ज मूळचा सरकारच्या तुरुंगाविरुद्धचा. आणीबाणीत विनाचौकशी डांबलेल्यांनी तो केला, तेव्हा तो ऐकून घेता येतो असे म्हणणाऱ्या उच्च न्यायालयांत मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठही होते. एप्रिल १९७६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते निकाल फिरवले. एकट्या न्यायमूर्ती खन्नांनी विरोधी मत दिले, आणि त्यांचेच मत बरोबर होते हे त्याच न्यायालयाने २०१७ मध्ये मान्य केले. एवढी या अर्जाची प्रतिष्ठा. आज मात्र हा अर्ज घेऊन नागपूरला जाणाऱ्यांत कोण कोण असतात? कुठे कुणाची मुलगी खरोखरच विकली गेलेली असते. विदर्भातल्या गरीब मुलींना नोकरीच्या नाहीतर लग्नाच्या नावाखाली परराज्यांत नेऊन विकतात, ही काही कल्पित कथा नव्हे. तिथे हा अर्ज म्हणजे देवाचा हात आहे. पण त्यांच्याच रांगेत एक बाप उभा असतो, ज्याची मुलगी कुठे आहे, कुणाबरोबर आहे, कोणत्या तारखेला तिने लग्न केले, हे त्याला पक्के माहीत असते. तोही लिहितो, 'माझी मुलगी बेकायदा डांबून ठेवली आहे, तिचा ताबा मला द्यावा.'

ताबा! मला या शब्दाचा राग आहे. ताबा बांधीचा असतो, पडक्या घराचा असतो. सातबारा काढला की कुणाची वहिवाट आहे ते कळते. अज्ञान लेकराचा ताबा आईकडे की बापाकडे, हा वादही समजू शकतो. पण अठरा वर्षे पूर्ण झालेल्या माणसाचा ताबा कुणाकडे असू शकतो? बापाकडे नाही, हे आपण कुरकुरत का होईना मान्य करू. नवऱ्याकडेही नाही, हे सुधारक म्हणवणाऱ्यांच्याही लक्षात येत नाही. 'बापाने डांबली होती, न्यायालयाने नवऱ्याच्या स्वाधीन केली' अशी बातमी छापून येते आणि आपण टाळ्या वाजवतो. स्वाधीन करायला ती काय म्हैस आहे? मुद्देमाल आहे? न्यायालय कुणालाही कुणाच्या स्वाधीन करीत नाही. तिला मोकळी करते. मग ती जाईल तिथे जाईल.

नागपूरच्या मातीत वाढलेल्या एका न्यायाधीशाला हे साठ वर्षांपूर्वी कळले होते. मोहम्मद हिदायतुल्ला हे नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते, पुढे देशाचे सरन्यायाधीश झाले. १९६४ साली सर्वोच्च न्यायालयात त्यांच्यापुढे उत्तर प्रदेशातले एक प्रकरण आले. नवऱ्याचे म्हणणे होते की बायकोला तिच्या बापाने अडवून ठेवले आहे. न्यायालयाच्या हुकुमानंतरही बापाने मुलीला हजर केले नाही, म्हणून न्यायालयाच्या बेअदबीचा खटला झाला होता. हिदायतुल्लांनी बापाची गय केली नाही. पण त्याच निकालात त्यांनी असेही बजावले की नवऱ्याने मागितला म्हणून असा हुकूम सरसकट सुटता कामा नये. आपल्याकडे बायको परत मिळवण्यासाठी नवऱ्यांनी हा मार्ग धरल्याचे जवळजवळ दिसतच नाही, असे त्यांनी तेव्हा नोंदवले होते. आज ते ही याद्यांवरची प्रकरणे पाहते तर काय म्हणते, कोण जाणे. जाता जाता सांगतो, हिदायतुल्लांनी स्वतः १९४८ साली पुष्पा शहा यांच्याशी लग्न केले होते; धर्म दोघांचे वेगळे. आणि त्याच वर्षी बाबासाहेबांनी डॉ. शारदा कबीरांशी नोंदणी पद्धतीने लग्न केले. जाती दोघांच्या वेगळ्या. ज्यांना कायदा कळत होता त्यांना लग्नही कळत होते, एवढेच म्हणतो.

आता माझे पाप सांगतो.

मी शाळामास्तर आहे. आमच्याकडे शाळेत एक जाडजूड वही असते, दाखलखारीज रजिस्टर. मूल पहिलीत आले की त्यात त्याचे नाव आणि जन्मतारीख चढते. बाहेरच्यांना कल्पना नसेल, पण या देशात माणूस जन्मतो आईच्या पोटी आणि सज्ञान होतो मास्तरच्या वहीत. वयाचा वाद निघाला की शाळेचा दाखला आधी पाहतात. बालन्यायाच्या २०१५ च्या कायद्यातही क्रम तोच आहे: आधी शाळेचा किंवा मॅट्रिकचा दाखला, तो नसेल तर नगरपालिकेचा किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, तोही नसेल तर हाडांची तपासणी. आणि ही तारीख आम्ही मास्तर मंडळी कशी लिहीत होतो? बाप मुलाला घेऊन यायचा. 'केव्हाचा आहे?' 'असंल पाच-सहा सालाचा.' मग आम्ही बोटे मोजून साल ठरवायचो आणि पुढे लिहायचो, १ जून. आमच्या भागात अर्धे गाव १ जूनला जन्मलेले आहे. जगात कुठेही एका दिवशी इतकी बाळंतपणे झाली नसतील.

अशीच एक मुलगी. नाव सांगणार नाही, गावही नाही. २००४ च्या जून महिन्यात मी तिला पहिलीत घातली. जन्मतारीख माझ्या अक्षरात, १ जून १९९८. हुशार होती. पाढे पाठ करण्यापेक्षा ते असेच का, हे विचारण्यात तिला गोडी. २०१६ च्या दिवाळीच्या तोंडावर ती गेली. कॉलेजात तिच्या पुढच्या वर्गात असलेल्या एका मुलाबरोबर तिने लग्न केले. जात वेगळी. कोणती वेगळी, हे वाचकांनी विचारू नये. विचारावेसे वाटले तर माझा पुढचा मजकूर नीट वाचावा.

तिचा बाप माझ्याकडे आला. माणूस वाईट नाही. दीड एकराची शेती, बाकी दिवस दुसऱ्याच्या बांधीत. मुलीच्या फीसाठी त्याने बैल विकला होता, हे मला माहीत होते. पायरीवर बसला आणि म्हणाला, "गुर्जी, तारीक तुमच्याच हातची आहे. एक साल इकडलं तिकडं केलं त कोनाचं काय जाते जी?" एक साल पुढे ढकलले की मुलगी सतरा वर्षांची होणार होती. मग लग्न जाते, अपहरणाचा गुन्हा येतो, पोरगा आत जातो आणि मुलगी बापाकडे. एका आकड्याचा खेळ. १९९८ च्या आठाचा नऊ करायला कितीशी शाई लागते?

मी नाही म्हटले. मूल शाळा सोडून गेल्यावर त्या आकड्याला हात लावायचा नसतो, असा नियम आहे आणि मला नोकरी प्यारी होती. यात माझे शौर्य काही नाही. बाप हट्टाला पेटला. म्हणाला, ती जूनमधली नाहीच, रोवणीच्या दिवसांत झालेली आहे, तुम्हीच चुकीचे लिहिले. तेही खरे असेल. पण कोणत्या सालची रोवणी, हे फक्त तिची आई सांगू शकली असती. त्या माउलीला कुणी विचारले नाही. मीही नाही.

नियमाच्या आड मी सुटलो खरा, पण बापाचे तोंड पाहवेना. तो म्हणाला, निदान तारखेला नागपूरला चला. तुमचे ऐकेल ती. मी गेलो. साठेक किलोमीटरच्या त्या एस.टी.च्या प्रवासात मी मनात भाषण जुळवीत होतो, आणि खोटे कशाला सांगू, ते माझ्या दुसऱ्या कादंबरीच्या शेवटच्या प्रकरणातलेच होते. न्यायालयाच्या व्हरांड्यात पोलिसांनी दोघांना आणून बसवले होते. पोरगी सुकली होती. मी जवळ गेलो आणि सुरू केले, आईबाप, त्यांचे कष्ट, विकलेला बैल, गावात मान खाली गेलेली. तिने मला अर्ध्यावर थांबवले नाही. सगळे ऐकून घेतले. मग म्हणाली, "गुर्जी, तुमी बी आले का बाबासंगं?"

बस्स, एवढेच. पुढचे एक वाक्य मला सुचले नाही.

आत दोन न्यायमूर्तींनी तिला दालनात बोलावले. पाच-सात मिनिटे झाली असतील. तिने आपल्या मर्जीने लग्न केले आहे, तिला कुणी डांबलेले नाही, तिला नवऱ्याबरोबर जायचे आहे. अर्ज निकाली. ज्याच्यासाठी पोलीस महिनाभर फिरले, बापाने वकिलासाठी कर्ज काढले, मी कादंबरी पाठ केली, ते एवढ्यात संपले. कारण न्यायमूर्तींनी तिला ते विचारले, जे आम्ही कुणीच विचारले नव्हते. बाहेर तिची आई एका पिशवीत तिची थंडीची शाल आणि डबाभर चकल्या घेऊन उभी होती. ती पिशवी द्यावी की नाही, हे तिला कळेना. तिने बापाकडे पाहिले. बाप पुढे चालू लागला. पिशवी परत आली.

गावी आल्यावर त्या माणसाने जिवंत मुलीची तेरवी घातली. मी जेवायला गेलो नाही, पण घालू नको असेही सांगायला गेलो नाही.

आता माझ्यासारखे जे सज्जन आहेत त्यांच्या तोंडी जे असते ते मला माहीत आहे, कारण ते माझ्याच तोंडी होते. अठराव्या वर्षी काय कळते? ठीक. मग त्याच अठराव्या वर्षी ती पंतप्रधान कोण व्हावा याचे मत देते, ते कसे कळते? आणि त्याहून मोठी गंमत पाहा. २००५ च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित शेतीत मुलाइतका हक्क मिळाला. तेव्हापासून आमच्याकडे लेक सज्ञान झाली की भाऊ तिला हक्कसोडपत्रावर सही करायला घेऊन जातात. कधी कधी भाऊबिजेच्या ओवाळणीबरोबरच ते उरकतात. तेव्हा कुणी म्हणत नाही की पोरगी अजाण आहे, तिला कुणी फूस लावली असेल, तिचे समुपदेशन करा. एकर सोडताना ती शहाणी, माणूस धरताना वेडी! हा न्याय आपल्याला सुचतो कसा?

दुसरे म्हणणे: आईबापांनी जन्म दिला, वाढवले, त्यांचा काहीच हक्क नाही? प्रेमाचा आहे, रुसण्याचा आहे, न बोलण्याचाही आहे. २००६ साली लता सिंह यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले. सज्ञान मुलीने जातीबाहेर लग्न केले, तर भावांनी नवऱ्याच्या नातेवाइकांवर फौजदारी केली होती. न्यायालयाने ती रद्द केली आणि म्हटले की आईबापांना लग्न पसंत नसेल तर त्यांनी फार तर संबंध तोडावेत. धमकी द्यायची नाही, हात उगारायचा नाही. मला तर वाटते, संबंध तोडण्याचा हक्कही जपून वापरावा. कारण उद्या तो नवरा दारुडा निघाला, मारझोड करू लागला, तर मुलीने जायचे कुठे? 'बघ, आम्ही म्हणत होतो' असे म्हणायला आपण टपलेले असतो. पण दार उघडे ठेवायला नव्हे. ठरवलेली लग्ने मोडतात तेव्हा कुणी 'ठरवून लग्न करण्याचे दुष्परिणाम' म्हणत नाही. चुकण्याचा हक्क फक्त आईबापांनाच आहे काय?

हे काही आजचे दुखणे नाही. रखमाबाईंचे लग्न त्या अकरा वर्षांच्या असताना झाले होते. मोठेपणी त्यांनी नवऱ्याकडे नांदायला नकार दिला. १८८५ साली न्यायमूर्ती पिन्हे यांनी त्यांच्या बाजूने निकाल दिला, तो पुढे फिरला आणि १८८७ साली त्यांच्यापुढे दोनच वाटा उरल्या: नवऱ्याच्या घरी जा किंवा सहा महिने तुरुंगात. त्यांनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. 'केसरी' त्यांच्या विरुद्ध होता. पुढे तडजोड झाली, त्या विलायतेला जाऊन डॉक्टर झाल्या. आज आपण त्यांचा गौरव करतो. एकशे तीस-चाळीस वर्षे उलटल्यावर बाईच्या मर्जीचा गौरव करणे फार सोपे असते.

आणि न्यायालये तरी नेहमी शहाणी असतात असे नव्हे. केरळातल्या हादियाची गोष्ट सर्वांनी वर्तमानपत्रांत वाचली आहे. चोवीस-पंचवीस वर्षांची, होमिओपॅथीचे शिक्षण घेतलेली मुलगी. तिने धर्म बदलला, लग्न केले. बापाच्या हेबियस कॉर्पसच्या अर्जावर केरळ उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये तिचे लग्नच रद्द ठरवले आणि तिला बापाच्या घरी पाठवले. कुलूप फोडण्याच्या हातोड्यानेच कुलूप ठोकले, असे झाले. नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयापुढे उभी राहिली तेव्हा तिने स्वातंत्र्य मागितले. तरी त्या दिवशी तिला सेलमच्या महाविद्यालयात शिक्षण पुरे करायला धाडले. मार्च २०१८ मध्ये लग्न पुन्हा वैध ठरले. न्यायालयाने स्पष्ट सांगितले की सज्ञान माणसाने कुणाशी लग्न करावे, हे ठरवणे न्यायालयाचे काम नाही. हे सांगायला दहा महिने लागले. ते दहा महिने तिला कोण परत देणार? तिने धर्म का बदलला, याविषयी माझी मते असतील, तुमचीही असतील. पण त्या मतांचा तिच्या दाराच्या कडीशी काय संबंध?

मुलगा एकवीसचा नाही म्हणून लग्न कायद्याने पुरे होत नाही, अशीही प्रकरणे येतात. २०१८ सालीच नंदकुमार या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की म्हणून मुलीला बापाच्या हवाली करता येणार नाही. दोघे सज्ञान आहेत, लग्नावाचूनही एकत्र राहू शकतात. डिसेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे असेच प्रकरण आले. मुलगी हिंदू, सज्ञान. मुलगा मुसलमान, विशीचा. मुलीला चेंबूरच्या सरकारी महिला निवाऱ्यात ठेवले होते. मुलाने अर्ज केला. न्यायमूर्तींनी तिच्याशी बोलून तिला तिच्या मर्जीप्रमाणे जायला मोकळे केले. घरच्या वाचकांना हे पचणार नाही, मला कल्पना आहे. मलाही लग्नाआधी एकत्र राहणे रुचत नाही. मी जुन्या वळणाचा आहे. पण माझी रुची म्हणजे कुणाच्या पायातली बेडी नव्हे. आणि 'सुरक्षेसाठी निवारा' हे शब्द ऐकले की मला विचारावेसे वाटते, ज्या खोलीतून बाहेर पडायला न्यायमूर्तींचा हुकूम लागतो, तिला निवारा कोणत्या शब्दकोशात म्हणतात?

सरकारचे वागणे तर आणखी नवलाचे. एका हाताने ते आंतरजातीय जोडप्याला, दोघांतले एक मागासवर्गीय असेल तर, पन्नास हजार रुपयांचे साहाय्य देते. दुसऱ्या हाताने डिसेंबर २०२२ मध्ये महिला व बालविकास खात्याने अशा जोडप्यांची माहिती घेण्यासाठी आणि मुलींचा माहेराशी समन्वय साधण्यासाठी समिती नेमली. आधी तिच्यात आंतरजातीय आणि आंतरधर्मीय दोन्ही विवाह होते. ओरड होताच जातीचे वगळले, धर्माचे ठेवले. समन्वय साधायचा तर सोयरिकीच्या आधी मंडईत येऊन साधा ना! १९५४ च्या विशेष विवाह कायद्यातही एक काटा आहे. लग्नाच्या आधी तीस दिवस नोटीस लावायची. ज्यांना आपल्याच माणसांचे भय आहे, त्यांचे नाव-पत्ते महिनाभर भिंतीवर! बापाने कोंडलेल्या एका सज्ञान मुलीच्या हेबियस कॉर्पसच्या अर्जावरच जानेवारी २०२१ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने म्हटले की जोडप्याची इच्छा असेल तरच ही नोटीस लावावी. निकाल चांगला, पण तो त्या प्रांताचा.

सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये शक्ती वाहिनी या संस्थेच्या अर्जावर सर्व राज्यांना सांगितले होते की अशा जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यांत संरक्षण कक्ष उघडा, सुरक्षित घरांचा विचार करा आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यांवर कारवाई करा. महाराष्ट्राने सुरक्षित घरांची कार्यपद्धती ठरवून दिली ती डिसेंबर २०२४ मध्ये. सहा वर्षे नऊ महिने! आमच्याकडे तेवढ्यात मुलगी पहिलीतून सातवीत जाते. तेही घर मिळेल तेव्हा मिळेल. तोवर घर सोडलेल्या पोरीने पहिली रात्र कुठे काढायची? मला विचाराल तर मास्तरच्या घरी. आमच्या पेशाने आजवर पोरींना समजावून परत पाठवण्याचे काम फार मनोभावे केले आहे. एखाद्या मास्तरणीने ओसरीवर चटई टाकून 'झोप आज, सकाळी पोलीस अधीक्षकांकडे मी येते बरोबर' असे म्हटल्याचे मी अजून ऐकलेले नाही. असेल कुणी तर तिने कळवावे. मी तिच्यावर कादंबरी लिहीन आणि त्या कादंबरीतली मुलगी परत येणार नाही.

माझ्या दुसऱ्या कादंबरीची नवी आवृत्ती काढायचे प्रकाशकांच्या मनात आहे. शेवटचे प्रकरण बदलू द्या, असे मी त्यांना कळवले. त्यांचे उत्तर आले की वाचकांना तोच शेवट हवा आहे. बरोबर आहे. दृष्ट काढणारी आई वाचायला गोड वाटते; चकल्यांची पिशवी घेऊन परत फिरणारी आई कुणाला हवी आहे?

ती मुलगी मला यंदाच्या जूनमध्ये भेटली. माझी बदली झालेल्या गावात तिच्या नवऱ्याचे छोटेसे दुकान आहे. लेकीला पहिलीत घालायला आली होती. आम्ही दोघेही व्हरांड्यातले काही बोललो नाही. मी रजिस्टर उघडले, नाव लिहिले, आईच्या नावाच्या रकान्यात तिचे नाव लिहिले. जातीच्या रकान्यापाशी हात अडखळला, तेव्हा तिनेच सांगितले काय लिहायचे ते. मग जन्मतारीख. मी सवयीने म्हटले, "जून लिहू का?"

"नाही जी गुर्जी," ती म्हणाली आणि पिशवीतून जन्माचा दाखला काढून माझ्यापुढे ठेवला. "हे पाहून लिवा."

मी पाहून लिहिले.